‘मोफसिल’ म्हणजे कुठले?

जुन्या इंग्रजी गॅझेटियरमध्ये किंवा कोर्टाच्या कागदांत ‘मोफसिल’ हे विशेषण भेटते: मोफसिल गाव, मोफसिल कोर्ट, मोफसिल वार्ताहर. भारतीय उपखंडाबाहेर ते आता जवळजवळ कोणी वापरत नाही. चेन्नईच्या कोयंबेडू बसस्थानकाच्या मूळ नावात आणि बिहारमधल्या ‘मुफस्सिल’ पोलीस ठाण्यांच्या पाट्यांवर मात्र ते टिकून आहे.

शब्द मुळात अरबी. फ-स-ल या धातूचा अर्थ वेगळे करणे, विभागणे. त्यावरून ‘मुफस्सल’ म्हणजे वेगवेगळे मांडलेले, सविस्तर. फारसी-उर्दूच्या वाटेने तो कंपनी सरकारच्या कारभारात आला. मुख्य ठाणे ते ‘सदर’, बाकीचा मुलूख तो ‘मोफसिल’. १८८६ साली निघालेल्या यूल आणि बर्नेल यांच्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशातही त्याची नोंद आहे. पुढे शहरी लोकांच्या तोंडी त्याला ‘मागासलेला, आडगावचा’ अशी छटा चिकटली. मूळ अर्थात ती कुठेच नाही.

या शब्दाची भावंडे आपल्या घरातच आहेत. फसल, फैसला आणि आपला रोजचा ‘तपशील’ ही सगळी त्याच धातूची लेकरे.

हे सांगण्याचे कारण असे. पुण्या-मुंबईच्या नातेवाइकांत गेल्यावर आपली मुले मराठी बोलायला बिचकतात. वाक्यात एखादा हिंदी किंवा माळवी शब्द आला की कोणी हसते आणि मूल गप्प बसते. ‘आपली मराठी बाहेरगावची’ हे मग त्याच्या मनात घर करते.

पण सदर कोणते आणि मोफसिल कोणते, हे बोलणारा कुठे उभा आहे त्यावर ठरते. प्राचीन भारतीय ज्योतिषात रेखांशाची मोजणी उज्जैनपासूनच होत असे. शिंद्यांची राजधानी ग्वाल्हेरला जाण्यापूर्वी त्यांच्या कारभाराचे मुख्य ठाणेही इथेच होते. आपल्या फ्रीगंजचे नावच पाहा: ‘फ्री’ इंग्रजी, ‘गंज’ फारसी, आणि कागदोपत्री माधवनगर. शब्द असे एकमेकांत मिसळतात म्हणून कोणतीही भाषा उणी ठरत नाही.

तेव्हा मुलांना घरी मराठी बोलू द्यावे, मधला हिंदी शब्द लगेच टोकू नये. आजी-आजोबांच्या तोंडचे खास शब्द मात्र वहीत उतरवून ठेवावेत. आपल्या मराठीचा तपशील आपणच जपायचा आहे.