किनाऱ्याकिनाऱ्याने जाणारे जहाज आणि अकरा महिन्यांची कैद

उत्तर कोरियाची राजधानी प्योंगयांग. तेथे पोतोंग नदीच्या पात्रात एक छोटे जहाज बांधून ठेवलेले आहे. शेजारचे युद्धसंग्रहालय पाहायला येणाऱ्यांना ते आवर्जून दाखवतात. त्याच्या अंगावर गोळ्यांची भोके आहेत आणि प्रत्येक भोकाभोवती लाल रंग फासलेला आहे. गंमत अशी, की अमेरिकन नौदलाच्या यादीत हे जहाज अजूनही सेवेत आहे! त्याचे नाव 'प्वेब्लो'.

या जहाजाचा जन्म मात्र हेरगिरीसाठी झाला नव्हता. दुसऱ्या महायुद्धात पॅसिफिक महासागरातल्या बेटांवर लढणाऱ्या सैन्याला रसद पोचवायची, तर मोठी जहाजे सगळीकडे जाऊ शकत नसत. म्हणून अमेरिकेच्या भूदलानेच स्वतःची छोटी मालवाहू जहाजे बांधून घेतली. त्यांपैकी एक विस्कॉन्सिन राज्यात, मिशिगन सरोवराकाठच्या केवॉनी गावी तयार झाले. १६ एप्रिल १९४४ रोजी ते पाण्यात उतरले. लांबी १७७ फूट, वेग ताशी जेमतेम १३ सागरी मैल. त्याला नावही नव्हते, नुसता क्रमांक होता : ३४४. एप्रिल १९४५ मध्ये ते सेवेत आले, आणि चारच महिन्यांत युद्ध संपले. १९५४ मध्ये त्याला बाजूला काढून ठेवण्यात आले.

बारा वर्षांनी नौदलाला त्याची आठवण झाली. मासेमारी नौकांच्या वेषातली रशियन जहाजे परक्या किनाऱ्यांजवळ रेंगाळून बिनतारी संदेश ऐकत असत. आपणही तसेच करावे, तेही कमी खर्चात, असा अमेरिकेचा विचार होता. १९६६ मध्ये जहाज नौदलाकडे आले, कोलोरॅडोतल्या एका शहराचे नाव त्याला मिळाले, आणि संदेश टिपणारी यंत्रे व गुप्त कागद त्यात भरले गेले.

कप्तान लॉइड बुकर पूर्वी पाणबुडीवर काम केलेले अधिकारी. वेळ आली तर गुप्त यंत्रे झटपट नष्ट करण्याची सोय द्या, अशी मागणी त्यांनी केली होती. ती पुरी झाली नाही. हाती होत्या कुऱ्हाडी, हातोडे आणि कागद जाळायची छोटी भट्टी. संरक्षणासाठी दोन मशीनगन, त्याही थंडीने कडक झालेल्या ताडपत्रीखाली झाकलेल्या.

२१ जानेवारी १९६८ रोजी उत्तर कोरियाच्या सैनिकांनी दक्षिण कोरियाच्या अध्यक्षांच्या निवासस्थानावर हल्ल्याचा प्रयत्न केला. 'प्वेब्लो'ला ही खबर कोणी दिलीच नाही. दोनच दिवसांनी, २३ जानेवारीला, वॉन्सान बंदराजवळ त्याला कोरियन युद्धनौकांनी घेरले. आपण आंतरराष्ट्रीय समुद्रात होतो असे अमेरिकेचे म्हणणे, तर आमच्या हद्दीत घुसला असे उत्तर कोरियाचे. तोफा धडाडल्या. खलाशी कागद जाळत होते, यंत्रे फोडत होते; पण ओझे फार होते आणि वेळ थोडा. एक खलाशी मारला गेला, मदतीला कोणी आले नाही. बुकर यांनी प्रतिकार न करता जहाज सोडले आणि बरीच गुपिते शत्रूच्या हाती पडली.

पुढे अकरा महिने ८२ जण कैदेत. कबुलीजबाबावर सही कर, नाहीतर तुझ्या माणसांना तुझ्यासमोर गोळ्या घालू, अशी धमकी मिळाल्यावर बुकर यांनी सही केली. प्रचाराच्या छायाचित्रांत मात्र खलाशी मधले बोट उभे करून बसत. विचारले तर हा हवाई बेटांवरचा शुभसंकेत, असे सांगत! खरा अर्थ कळल्यावर त्यांना बेदम मारहाण झाली.

अखेर अमेरिकेच्या प्रतिनिधीने, यातला मजकूर खोटा आहे असे आधी तोंडी सांगून, मग माफीपत्रावर सही केली. २३ डिसेंबर १९६८ रोजी पनमुनजोमचा पूल ओलांडून सर्व जण एकेक करत सुटले. पनमुनजोमचा हा परिसर आपल्या लोकांनाही परका नाही. १९५३ मध्ये कोरियन युद्धातील कैद्यांचा प्रश्न सोडवणाऱ्या तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष होते कोडगूचे जनरल थिमय्या, आणि कैदी सांभाळणाऱ्या भारतीय दलाचे प्रमुख होते कोल्हापूरकडचे जनरल शं. पां. पा. थोरात. घरी जायचे की नाही हे विचारून कैद्यांना सोडणे किती नाजूक काम असते, हे त्या दोघांनी जवळून पाहिले होते.

मायदेशी परतलेल्या बुकर यांच्यापुढे चौकशी उभी राहिली. न लढता जहाज का दिले? लष्करी न्यायालयासमोर खटला चालवावा, अशी शिफारस झाली. परंतु नौदलमंत्री जॉन चेफी यांनी, या माणसांनी पुरेसे सोसले आहे, असे म्हणत प्रकरण मिटवले. २००४ मध्ये बुकर वारले. लढले असते तर कदाचित जहाज बुडाले असते आणि ८२ घरांत दिवा लागला नसता. शौर्य कशाला म्हणायचे, हा प्रश्न आजही वादाचा आहे. मात्र ज्यांनी स्वस्तात काम भागवायचे ठरवले, त्यांना हा प्रश्न कोणी इतक्या कठोरपणे विचारला नाही.