आधी चूक दुरुस्त करतो, मग अ‍ॅडमिरल आवटी

मागच्या भागात मी ठोकून दिलं होतं की शिडाच्या बोटीतून एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करणारा पहिला भारतीय म्हणजे अभिलाष टॉमी. भाग आला त्याच संध्याकाळी गिरगावातल्या एका काकांचा फोन. "अहो, पहिले दिलीप दोंदे. टॉमी कुठेही न थांबता गेले, त्यात ते पहिले. आणि दोघांच्या मागे जो माणूस होता, त्याचं नावसुद्धा घेतलं नाहीत तुम्ही!" काकांचं बरोबर होतं. म्हणून आजचा भाग त्या माणसावर, व्हाइस अ‍ॅडमिरल मनोहर आवटी यांच्यावर.

त्यांची नोकरी थोडक्यात सांगतो. जन्म १९२७चा. शिक्षण 'डफरीन'वर. माझगावसमोर बंदरात नांगरून असलेलं ते प्रशिक्षण जहाज, जुन्या मुंबईकरांना आठवत असेल. तिथून १९४५ मध्ये ते बाहेर पडले आणि नौदलात गेले. १९७१च्या युद्धात बंगालच्या उपसागरात 'कामोर्ता' या युद्धनौकेचं नेतृत्व केलं, वीरचक्र मिळालं. शेवटी पश्चिम नौदल कमांडचे प्रमुख झाले. म्हणजे आपण फोर्टातून लायन गेटवरून जातो ना, त्या भिंतीपलीकडचा सगळा कारभार त्यांच्या हाताखाली. मुंबईत सागरी इतिहासाचा अभ्यास करणारी मेरिटाइम हिस्टरी सोसायटी १९७८ मध्ये त्यांनीच सुरू केली. १९८३ मध्ये निवृत्त झाले आणि राहायला गेले कुठे, तर फलटणजवळच्या विंचुर्णीला. समुद्र कुठल्या कुठे!

इथे बहुतेक चरित्रं संपतात. मला मात्र यानंतरचाच भाग मोठा वाटतो.

भारतीय माणसाने, भारतात बांधलेल्या बोटीतून, एकट्याने जगाला वळसा घालावा, हा ध्यास त्यांनी घेतला होता. आता ही 'प्रदक्षिणा' म्हणजे काय, ते नीट समजून घेऊ, कारण मीही आधी घोटाळा केला होता. नुसतं जग फिरून येणं चालत नाही. निघालात त्याच बंदरात परत यायचं. विषुववृत्त ओलांडायचं, सगळी रेखावृत्तं ओलांडायची. पनामा किंवा सुएझ कालव्याचा शॉर्टकट नाही. अंतर किमान २१,६०० सागरी मैल. हा आकडा कुठून आला? पृथ्वीचे ३६० अंश, प्रत्येक अंशाच्या ६० कला, आणि एक कला म्हणजे एक सागरी मैल. करा गुणाकार. शिवाय ल्युविन, हॉर्न आणि गुड होप या तिन्ही भूशिरांना वळसा घालायचा, म्हणजे दक्षिणेच्या खवळलेल्या महासागरातून जाणं आलंच. आणि हे सगळं फक्त शिडावर.

२००६ मध्ये नौदलातून यासाठी पुढे आले कमांडर दोंदे. पेशाने पाणबुडे. त्यांनी इंग्लंडला जाऊन सर रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन यांच्याकडे धडे घेतले. हे तेच, १९६८-६९ मध्ये एकट्याने न थांबता जगप्रदक्षिणा करणारे पहिले. आणि त्यांची ती 'सुहेली' बोट कुठे बांधलेली? मुंबईत! सागवानाची, इथल्या कारागिरांनी घडवलेली. हे वाचलं तेव्हा मी दोनदा तपासून पाहिलं. जगातली पहिली अशी बोट आपल्या बंदरातून गेली, आणि आपला माणूस निघायला पुढची चाळीस वर्षं लागली.

दोंदेंची बोट 'म्हादेई' गोव्यात दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकरांनी बांधली. १९ ऑगस्ट २००९ला ती मुंबईहून निघाली, चार बंदरांत थांबली आणि मे २०१० मध्ये मुंबईत परतली. ती निघाली तेव्हा आवटी ८१ वर्षांचे होते. विचार करा, दक्षिण महासागरात काही बरंवाईट झालं असतं तर पहिला प्रश्न कोणाला विचारला गेला असता? या वयात लोक आपल्या नातवालाही रस्ता एकट्याने ओलांडू देत नाहीत.

त्याच 'म्हादेई'तून टॉमी १ नोव्हेंबर २०१२ला मुंबईहून निघाले आणि मार्च २०१३अखेर, कुठेही न थांबता, परतले. मग 'तारिणी'तून सहा महिला अधिकारी गेल्या, सप्टेंबर २०१७ ते मे २०१८. तेही आवटींनी पाहिलं.

शेवटची गोष्ट जरा अवघड आहे. २०१८च्या गोल्डन ग्लोब शर्यतीत टॉमी 'सुहेली'च्या धर्तीवर गोव्यात बांधलेल्या 'थुरिया'तून उतरले होते. सप्टेंबरमध्ये वादळात डोलकाठी मोडली, पाठीला जबर दुखापत झाली, आणि एका फ्रेंच जहाजाने त्यांना वाचवलं. आवटी ३ नोव्हेंबरला विंचुर्णीत गेले, ९१व्या वर्षी. टॉमी पुन्हा चालायला शिकले, पुढची शर्यत २०२३ मध्ये पूर्ण केली, दुसरे आले. ते मात्र आवटींना बघायला मिळालं नाही.

काका, तुमचा नंबर सेव्ह केलाय. पुढच्या भागात चुकलो तर पुन्हा फोन करा.