मालक रोज बदलतो तेव्हा

काशीमीरा नाक्यावरून आत वळलं की थोड्याच अंतरावर गाळ्यांच्या इस्टेटी सुरू होतात. स्टीलची भांडी, प्लास्टिकचे डबे, इमिटेशन ज्वेलरी, छपाई, पॅकिंग. यांतल्या काही गाळ्यांचे हिशेब मी लिहिते. पगारपत्रक, जीएसटी, पीएफचं चलन, सगळं. त्यामुळे कामगार कायद्यातले आकडे मला तोंडपाठ आहेत. दहा माणसं कामाला असली की ईएसआय लागू होतं, म्हणजे आजारपणात दवाखाना आणि रजेचे थोडेफार पैसे. वीस झाली की प्रॉव्हिडंट फंड.

मध्यंतरी एका गाळ्यात हिशेबासाठी बोलावणं आलं. आत अठरा माणसं काम करत होती. दार एक, विजेचा मीटर एक, जेवणाची सुट्टी एकाच वेळी. भिंतीवर मात्र दोन फर्मच्या पाट्या होत्या, एक नवऱ्याच्या नावाची आणि एक बायकोच्या. टेबलावर हजेरीच्या दोन वह्या, प्रत्येकीत नऊ नावं. पॉलिशच्या मोटरीवर बसणारा माणूस पहिल्या वहीत, त्यानं चकाकवलेल्या पातेल्यावर स्टिकर लावणारी बाई दुसऱ्या वहीत. ते काम मी घेतलं नाही. कायद्यानं अशा दोन फर्म एकच धरता येतात. पण त्यासाठी कुणीतरी तक्रार करावी लागते, आणि नऊ जणांत तक्रार कुणी केली हे मालकाला दुपारच्या चहापर्यंत कळतं.

युनियन कशासाठी लागते, या प्रश्नाचं उत्तर त्या दोन वह्यांत आहे. एकटा कामगार पगार वाढवून मागायला गेला, तर त्याला जा म्हणणं मालकाला परवडतं. कामगाराला जाणं परवडत नाही, कारण त्याला पुढच्या महिन्याचं भाडं भरायचं असतं. हा फरक अर्थशास्त्राला जुना आहे. अ‍ॅडम स्मिथनं १७७६ सालच्या आपल्या ग्रंथात नोंदवून ठेवलंय की मालक संख्येनं थोडे असल्यामुळे मजुरी खाली ठेवायला ते सहज एकत्र येतात आणि त्याचा गवगवाही होत नाही. त्या काळचा कायदा कामगारांच्या एकीला मात्र गुन्हा मानत होता. सगळे एकदम थांबले की मालकालाही थांबणं महाग पडतं. सौदा तिथे सुरू होतो.

आपल्याकडे याची सुरुवात नारायण मेघाजी लोखंडे यांनी केली. जन्म आमच्याच ठाण्यातला, १८४८ चा. जोतीराव फुल्यांचे सहकारी, ‘दीनबंधु’चे संपादक. गिरण्यांत साप्ताहिक सुट्टी नव्हती तेव्हा त्यांनी गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या, अर्ज केले, आणि १० जून १८९० रोजी रविवारची सुट्टी पदरात पाडली. १९०८ साली टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाल्यावर मुंबईच्या गिरण्या सहा दिवस बंद राहिल्या. पगाराशी काहीही संबंध नसलेला तो संप होता. राजकारण युनियनमध्ये मागाहून घुसलं असं म्हणणाऱ्यांनी हे साल लक्षात ठेवावं.

संघटनेला आपल्याच लोकांशीही भांडावं लागतं. १९२८ च्या मोठ्या गिरणी संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी एक प्रश्न पुढे आणला: जास्त पगाराच्या विणकाम खात्यात अस्पृश्य कामगारांना घेत नाहीत; त्यांना घ्यावं, ही मागणीही तुमच्या यादीत हवी. तो अडसर मालकापेक्षा सोबतच्या कामगारांनीच घातलेला होता. दहा वर्षांनी, ७ नोव्हेंबर १९३८ ला, तेच आंबेडकर संपाचा हक्क आवळणाऱ्या विधेयकाविरुद्ध कम्युनिस्टांबरोबर एका दिवसाच्या संपात उतरले. आज नव्या औद्योगिक संबंध संहितेत कुठल्याही आस्थापनेत संपाआधी चौदा दिवसांची नोटीस सक्तीची झाली आहे. ही संहिता धरून चार कामगार संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या, २९ जुने केंद्रीय कायदे त्यांत विरले. तीनशेपेक्षा कमी कामगार असलेल्या कारखान्याला आता कपात करायला किंवा टाळं लावायला सरकारची परवानगी लागत नाही; पूर्वी ही मर्यादा शंभराची होती. काशीमीऱ्याच्या गाळ्यांना याचं सोयरसुतक नाही. तिथे शंभराचा आकडाही कधी दिसत नव्हता.

गाळे इतके लहान का, याचा एक धागा १९८२ पर्यंत जातो. १८ जानेवारीला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईतले सुमारे अडीच लाख गिरणी कामगार बाहेर पडले. पगार, बोनस, बदली कामगारांना कायम करणं या मागण्या होत्याच. पण गाठ होती ती १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याची. त्या कायद्यानं सबंध गिरणी धंद्यासाठी एकच प्रातिनिधिक युनियन मानली होती, राष्ट्रीय मिल मजदूर संघ, आणि बोलणी फक्त तिच्याशीच होऊ शकत होती. कामगार सामंतांच्या मागे, कायदा दुसऱ्याच युनियनच्या मागे. संप रीतसर मागे न घेता विरत गेला. दरम्यान कापड विणायचं काही थांबलं नाही. ते भिवंडीच्या यंत्रमागांवर गेलं, जिथे एकेका शेडमध्ये मोजके माग आणि मोजकी माणसं होती. काम तिकडे सरकायला संपाच्या आधीच सुरुवात झाली होती, संपानं त्याला वेग दिला. माणसं विखुरलेली असली की काम स्वस्तात होतं, हे कारखानदारीनं तेव्हा पक्कं ओळखलं. गिरणगावातली घरं सोडून भाईंदर, नालासोपारा, विरारकडे आलेल्या कुटुंबांतली पुढची पिढी अशाच लहान गाळ्यांत कामाला लागली.

इथे अर्थतज्ज्ञांचा आक्षेप येतो, आणि तो मला खोटा वाटत नाही. युनियननं एका कारखान्याचा पगार वाढवला तर त्याचा माल महागतो, आणि युनियन नसलेला शेजारी ऑर्डर नेतो. पण महाराष्ट्रानं या आक्षेपावर एक तोड काढलेली आहे, आणि मी तिच्यावर वाढले आहे.

माझे वडील माथाडी, म्हणजे डोक्या-पाठीवर ओझं वाहणारे हमाल. आम्ही त्यांना आबा म्हणतो. पाटण तालुक्यातून मुंबईला आले, गावकऱ्यांच्या सामाईक खोलीत राहिले, मस्जिद बंदरला गोणी वाहिल्या, आणि बाजार वाशीला गेला तसे तेही गेले. माझं लग्न होऊन मी काशीमीऱ्याला आले. ते अजून कोपरखैरण्याला असतात. कायदा यायच्या आधीचं ते सांगतात ते त्यांनी थोरल्या चुलत्यांकडून ऐकलेलं. ट्रक लागला की व्यापारी सांगेल तो भाव. पैसे मुकादमाच्या हातात, तो आपला वाटा काढून उरलेले वाटणार. शंभर किलोची गोणी मानेवर, पाठीत उसण भरली की माणूस गावी. गोणींची थप्पी अंगावर येऊन कुणी दगावला तर टोळीतलेच वर्गणी काढणार.

अडचण अशी होती की हमालाला मालकच नव्हता. सकाळी एका व्यापाऱ्याचा ट्रक, दुपारी दुसऱ्याचा, संध्याकाळी तिसऱ्याचा. ‘हा माझा कामगार नाही’ असं तिघेही म्हणणार, आणि कागदोपत्री तिघेही खरे. कारखान्याचे कायदे त्याला शिवतच नव्हते. साठच्या दशकात अण्णासाहेब पाटलांनी या टोळ्या बांधल्या. तेही पाटणचेच, हमालांत राहिलेले. मोर्चे झाले, बाजार बंद पडले, आणि १९६९ साली वसंतराव नाईकांच्या सरकारनं माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांचा कायदा केला.

या कायद्याची मांडणी लोकांना फारशी माहीत नसते, म्हणून थोडं थांबून सांगते. कामगार एका मंडळात नोंद होतो. व्यापारीही त्याच मंडळात नोंद होतो. मंडळावर मालकांचे आणि कामगारांचे सारखे प्रतिनिधी, शिवाय सरकारचे. मजुरीचा दर युनियन आणि व्यापारी मिळून ठरवतात. काम झालं की व्यापारी मजुरी मंडळात भरतो आणि तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही. मंडळ टोळीची मजुरी माणसांत वाटतं, आणि लेव्हीतून प्रत्येकाचा फंड, ग्रॅच्युइटी, बोनस, भरपगारी रजा, दवाखाना बघतं. मालक दिवसातून तीनदा बदलो, हिशेब एकाच ठिकाणी साठत जातो.

लेव्ही बऱ्याच मंडळांत तीस टक्क्यांच्या पुढे असते. ऐकणाऱ्याला हे फार वाटतं, म्हणून मी माझ्या धंद्याच्या पद्धतीनं मांडून दाखवते. नियमानं चालणाऱ्या कारखान्यात कायम कामगारावर मालक किती भरतो? फंडाचे १२ टक्के. ईएसआयचे ३.२५. बोनस किमान ८.३३. ग्रॅच्युइटी, वर्षाला पंधरा दिवसांचा पगार धरला तर, पावणेपाचच्या आसपास. बेरीज २८ च्या वर गेली. रजा आणि सणांच्या सुट्ट्यांचा पगार त्यात घाला, तीस ओलांडले. म्हणजे लेव्ही ही काही खिरापत नाही. पगाराच्या कामगाराला जे मिळायला हवं तेच, पाठीवर ओझं वाहणाऱ्याला.

आबांच्या निवृत्तीचे कागद मीच बघितले. वर टोळी क्रमांक, खाली त्यांचं नाव, आणि मग फंडाची वर्षागणिक वाढत गेलेली रक्कम. त्यांनी एकूण किती व्यापाऱ्यांचा माल उचलला हे त्यांनाही सांगता येणार नाही. पण कुणाही व्यापाऱ्यानं भरलेली लेव्ही त्या एका आकड्यात उतरलेली होती. “व्यापारी बुडाला, पळाला, आपलं मंडळात हाय,” असं ते म्हणत. त्याच भरवशावर पतपेढीतून कर्ज काढून त्यांनी माझं शिक्षण केलं.

हे चाललं याचं कारण दर आणि लेव्ही बाजारातल्या सगळ्या व्यापाऱ्यांना एकच होती. शेजाऱ्याचा हमाल स्वस्त पडतो म्हणून त्याचं गिऱ्हाईक वाढलं, असं होऊ शकत नव्हतं. व्यापाऱ्यांनी एकमेकांशी खुशाल स्पर्धा करावी, मालाच्या प्रतीवर, वेळेवर, उधारीवर. माणसाच्या पाठीवर नको. युनियननं अर्थकारणात काय करावं असं मला कुणी विचारलं तर मी एवढंच सांगेन.

माथाडी व्यवस्थेत कीड नाही असं नाही. कारखानदारी पट्ट्यांत माथाडीच्या नावानं पावत्या फाडून, काम न करता खंडणी उकळणाऱ्या टोळ्या आहेत. ट्रक अडवून वाराई, म्हणजे माल उतरवण्याची मजुरी, मागायची आणि उतरवायला माणूस उभा करायचा नाही, हे सर्रास चालतं आणि खऱ्या हमालाचं नाव त्यात जातं. टोळीत जागा मिळते ती बहुतेक गावकीतून आणि भावकीतून. बिहार-उत्तर प्रदेशातून आलेला मुलगा तेच ओझं वाहतो आणि नोंदणीबाहेर राहतो. मला हे फार लागतं, कारण आबाही एके काळी तसेच परके होते. २०२३ च्या अखेरीला खंडणीला आळा घालण्यासाठी म्हणून सरकारनं दुरुस्ती विधेयक आणलं. माथाडी संघटनांनी त्याला विरोध केला. माथाडी कामाची व्याख्या आखडून यंत्राची मदत घेणारा कामगार त्याबाहेर जाईल ही त्यांची भीती होती. ती रास्त होती. चोर पकडताना घरच्यांनाच बाहेर काढू नये.

आता काशीमीऱ्याकडे या. महामार्ग आणि घोडबंदर रस्ता जिथे मिळतात तिथे दिवसभर डिलिव्हरीच्या गाड्या थांबलेल्या असतात. त्या पोरांचा मालक कोण? सकाळी एक अ‍ॅप, संध्याकाळी दुसरं, आणि दोन्ही कंपन्या म्हणतात हा आमचा कामगार नाही, भागीदार आहे. मस्जिद बंदरच्या व्यापाऱ्यांचीच भाषा. राजस्थाननं २०२३ मध्ये गिग कामगारांसाठी कायदा केला. त्यात कामगारांची नोंदणी, मंडळ आणि प्रत्येक व्यवहारावर कंपनीनं भरायचं शुल्क आहे. तो वाचताना मला आबांची लेव्हीच दिसली. केंद्राच्या सामाजिक सुरक्षा संहितेतही अ‍ॅप कंपन्यांनी उलाढालीच्या एक ते दोन टक्के द्यायचे आहेत. पण तिथे दर ठरवायला कामगार समोर बसलेला नाही. माथाडी मंडळाचा जीव होता तो त्या खुर्चीत.

रायडरपेक्षाही आड राहिलेल्या आहेत त्या आमच्या आळीतल्या बायका. इमिटेशनचं काम घरी आणतात. मणी ओवायचे, खडे चिकटवायचे, हूक लावायचे. पैसे डझनावर. ठेकेदार माल टाकून जातो, आठवड्यानं नेतो, आणि ‘खडे तिरके आहेत’ म्हणून डझनामागे काही कापतो. कुठल्याच हजेरी वहीत यांचं नाव नाही, नऊच्याही नाही. ठेकेदार दोन-तीन असतात आणि प्रत्येकाचा दर निराळा, त्यामुळे एकीनं जास्त मागितलं की माल शेजारणीच्या दारात जातो.

संघटना नोंदवायच्या अर्जावर किमान सात सह्या लागतात. आमच्याकडे सातपेक्षा जास्त बायका झाल्या आहेत. माझ्याकडे त्या रविवारी येतात, आणि मी वहीत प्रत्येकीचं काम तारखेनिशी लिहून ठेवते: किती डझन, कुणाचा माल, किती कापले. पहिल्या दिवशी सगळ्यांचे दर एकमेकींसमोर वाचले गेले तेव्हा मोठा गलका झाला. एकाच हाराला तीन घरांत तीन भाव मिळत होते. मागण्या दोनच ठरल्या आहेत. सगळ्या ठेकेदारांचा दर एक असावा. आणि माल नेताना पावती द्यावी.

एका ठेकेदारानं पावतीपुस्तक आणलं आहे. दुसरा म्हणतो, बघू.