रक्त मागणारी विद्या आणि कायद्याचा लगाम

पुणे : मार्च २०२३ मध्ये एका विवाहितेने पुण्यात पोलिसांकडे तक्रार दिली. सासरच्या मंडळींनी आपल्या मासिक पाळीचे रक्त बळजबरीने घेऊन ते अघोरी पूजेसाठी पन्नास हजार रुपयांना विकले, असा तिचा आरोप होता. त्याआधी दोनच महिन्यांपूर्वी, मूल व्हावे म्हणून सुनेला मानवी हाडांची भुकटी खायला लावल्याची तक्रार याच शहरात नोंदली गेली होती. विद्येचे माहेरघर म्हणविणाऱ्या शहरात असे घडू शकते का, हा प्रश्न तेव्हा अनेकांना पडला. त्याचे उत्तर शोधताना या समजुतींचे मूळ आणि त्यांना रोखणारा कायदा, दोन्ही समजून घ्यावे लागतात.

रक्त म्हणजे प्राण, आणि प्राण अर्पण केला की अदृश्य शक्ती वश होते, ही कल्पना जगातील अनेक प्राचीन समाजांत आढळते. गुप्तधन, संतती, शत्रूचा नाश किंवा रोगमुक्ती यांपैकी काहीही हवे असले, तरी मांत्रिकाच्या हिशेबात त्याची किंमत रक्ताने चुकवायची असते. मात्र हे रक्त मागणाऱ्याचे कधीच नसते. ते बहुधा प्रतिकार करू न शकणाऱ्याचे, म्हणजे लहान मुलाचे, एकट्या बाईचे किंवा घरात नव्याने आलेल्या सुनेचे असते.

समाजाने या कल्पनेतून स्वतःहून वाटही काढली होती. आपल्याकडे बळी म्हणून कोहळा कापतात, देवापुढे नारळ फोडतात. कोहळ्यावर वाहिलेले कुंकू आणि फुटलेला नारळ ही रक्ताची व मस्तकाची प्रतीके आहेत, असे अनेक अभ्यासक मानतात. श्रद्धा कायम ठेवून हिंसा वगळण्याचा हा शहाणपणा घराघरांत आजही पाळला जातो. अघोरी विद्येचा दावा करणारा मात्र उलट्या दिशेने जातो. प्रतीक पुरेसे नाही, खरेच रक्त हवे, असे तो सांगतो.

त्याची परिसीमा महाराष्ट्राने १९७२ ते १९७४ या काळात परभणी जिल्ह्यातील मानवत येथे पाहिली. तेथे लहान मुली आणि स्त्रिया यांच्या खुनांची मालिका घडली. गुप्तधन आणि संततीच्या लोभातून हे बळी दिले गेले, असा पोलिसांचा आरोप होता. मुंबईचे तपास अधिकारी रमाकांत कुलकर्णी यांनी या प्रकरणाचा छडा लावला. काही आरोपींना शिक्षा झाली, तर काही वरिष्ठ न्यायालयांत निर्दोष ठरले. खुनाला शिक्षा देणारा कायदा तेव्हाही होताच. परंतु तो लागू झाला, तो जीव गेल्यानंतर. बळीची भीती घालणारा, तसा सल्ला देणारा आणि त्यावर पैसे उकळणारा मांत्रिक जवळजवळ मोकळाच राहत असे.

ही उणीव भरून काढावी, यासाठी डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि त्यांनी १९८९ मध्ये स्थापन केलेली महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती अनेक वर्षे झटत होती. विधेयक अनेकदा रखडले. २० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी पुण्यात ओंकारेश्वराजवळील पुलावर दाभोलकरांची गोळ्या झाडून हत्या झाली. त्यानंतर काही दिवसांतच वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये विधिमंडळाने कायदा संमत केला. हत्येच्या खटल्यात १० मे २०२४ रोजी पुण्यातील विशेष न्यायालयाने दोघांना जन्मठेप सुनावली व तिघांची निर्दोष मुक्तता केली.

या कायद्याच्या नावातच ‘नरबळी’ हा शब्द आहे. अनुसूचीत बारा प्रकारची कृत्ये दिली आहेत. गुप्तधन वा पाण्याचा शोध अशा कारणांसाठी करणी-भानामतीच्या नावाने अमानुष कृत्य करणे, जारणमारण म्हणून नरबळी देणे आणि तसे करण्याचा सल्ला देणे हेही त्यांत येते. गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र असून किमान सहा महिने ते कमाल सात वर्षे कैद आणि पाच हजार ते पन्नास हजार रुपये दंड अशी शिक्षा आहे. चिथावणी देणाराही त्याच शिक्षेस पात्र ठरतो. प्रत्यक्ष खून झाल्यास खुनाचे कलम स्वतंत्रपणे लागतेच.

हा कायदा धर्माविरुद्ध आहे, हा आक्षेप मात्र वाचनाअंती टिकत नाही. प्रदक्षिणा, यात्रा, कीर्तन, प्रवचन, भजन, तसेच घरातील वा मंदिर-दर्ग्यातील उपासना यांना त्यात स्पष्टपणे वगळले आहे. कायदा श्रद्धेला हात लावत नाही. श्रद्धेच्या नावाखाली दुसऱ्याच्या शरीराला वा खिशाला होणारी इजा तो रोखतो.

शिक्षण वाढले की हे आपोआप थांबेल, ही आशाही पुरेशी नाही. साक्षरतेत अग्रेसर असलेल्या केरळातही २०२२ मध्ये दोन महिलांच्या नरबळीचा आरोप असलेले प्रकरण उघडकीस आले. भरभराटीचा लोभ आणि वंध्यत्वाची भीती पदवी पाहून येत नाहीत.

म्हणूनच या कायद्याचे यश शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या जागरूकतेवर अवलंबून आहे. कायद्यानुसार पोलीस निरीक्षक वा त्यावरील दर्जाचा दक्षता अधिकारी नेमण्याची तरतूद आहे. परंतु बंद दाराआड काय चालले आहे, हे त्याला कोणीतरी कळवावे लागते. पुण्यातील त्या विवाहितेने स्वतः पोलीस ठाण्याची पायरी चढली. ती चढण्याचे बळ प्रत्येकीकडे असेलच असे नाही. अशा वेळी शेजारच्याने उचललेला दूरध्वनी एखाद्या जिवाचे मोल ठरू शकतो.