जाधव घराणे, सिंदखेडचे
निजामशाहीच्या काळात उदयास आलेले एक प्रसिद्ध मराठा सरदार घराणे. जालना शहराच्या पूर्वेस असलेले, बुलढाणा जिल्ह्यातील सिंदखेड राजा हे त्याचे मूळ ठाणे. देवगिरीच्या यादवांपासून आपली उत्पत्ती झाल्याचे हे घराणे सांगते. लखुजी जाधवराव याच्याकडे सिंदखेडची देशमुखी होती. त्याची कन्या जिजाबाई ही शहाजी भोसले याची पत्नी व छत्रपती शिवाजी महाराजांची माता होय.

सरदाराची फौज त्याच्या स्वतःच्या हुकमतीत असे. त्यामुळे धनी बदलला, तरी त्याचे बळ टिकून राही. या बळासाठी मोगल व निजामशाही या दोन्ही सत्तांना अशी घराणी हवी असत आणि त्याच कारणाने त्यांच्याविषयी संशयही बाळगला जाई. १६२१ च्या सुमारास लखुजी मोगलांना मिळाला. भातवडीच्या लढाईत (१६२४) तो मोगलांच्या, तर जावई शहाजी निजामशाहीच्या बाजूने लढला. पुढे लखुजी निजामशाहीत परतला. परंतु अविश्वास मिटला नाही. २५ जुलै १६२९ रोजी दौलताबाद येथे निजामशाहाच्या दरबारात लखुजी, त्याचे पुत्र अचलोजी व राघोजी आणि नातू यशवंतराव यांची हत्या झाली. त्यानंतर शहाजी काही काळ मोगलांकडे गेला. ज्यांच्या आधारावर राज्य उभे होते, ती घराणी अशी दुरावली. १६३३ मध्ये दौलताबाद मोगलांनी जिंकले व १६३६ मध्ये निजामशाही संपुष्टात आली.

मराठ्यांचा सेनापती धनाजी जाधव (मृत्यू १७०८) हा याच घराण्यातील मानला जातो. लखुजीची भव्य दगडी समाधी सिंदखेड राजा येथे आहे.