घोटाआधीची सात वर्षं

जागतिक वारशाच्या यादीत लेणी, किल्ले आणि मंदिरं पाहायची आपल्याला सवय आहे. २००६ साली युनेस्कोनं त्या यादीत मेक्सिकोच्या हालिस्को राज्यातली सुमारे ३५ हजार हेक्टर जमीन घेतली. एका अंगाला टकिला नावाचा शांत झालेला ज्वालामुखी, दुसऱ्या अंगाला सांतियागो नदीची खोल दरी आणि मधल्या उतारांवर निळसर, टोकदार पानांच्या रोपांच्या रांगाच रांगा. त्यांच्या जोडीला जुन्या भट्ट्या, हासिएंदा म्हणजे जमीनदारांचे कारखानावजा वाडे आणि या खोऱ्यातल्या प्राचीन तेउचित्लान संस्कृतीचे अवशेष. ज्या पेयाला जग केवळ नशेशी जोडतं, त्याच्या जन्मभूमीत जपलं जातंय ते मुख्यतः शेत.

टकिलाची सहल करायची ती हे लक्षात ठेवून. टकिला हे आधी पीक आहे, मग पेय. दिवसभरात जे काही पाहायला, हुंगायला आणि चाखायला मिळतं, त्याचा अर्थ या क्रमानंच लागतो.

ग्वादालाहारा या हालिस्कोच्या राजधानीपासून टकिला गाव साठ-पासष्ट किलोमीटरवर आहे. सकाळी निघून संध्याकाळी परतता येतं. बस आहेत, भाड्याच्या गाड्या आहेत आणि २०१२ पासून ‘होसे क्वेर्वो एक्स्प्रेस’ ही खास पर्यटकांची रेल्वेही आहे. रेल्वेत मारियाची वादकांची साथ असते. या संगीताचं माहेरही हालिस्कोच मानलं जातं. रस्त्यानं गेलात तर वाटेत आमातितान लागतं. एर्रादुरा या नामांकित टकिलाचा जुना वाडा याच गावात आहे आणि टकिलाची खरी सुरुवात आमच्याच दरीत झाली, असा इथल्या लोकांचा दावा आहे.

शेतात

सहलीचा पहिला थांबा शेतात हवा, तोही उन्हं चढायच्या आत. इथं वाढते ती निळी अगेव्ह. पुष्कळांना ती निवडुंगाची जात वाटते, पण वनस्पतिशास्त्रानुसार ती शतावरीच्या कुळातली. आपल्याकडे बांधावर कुंपणासाठी लावतात आणि जिच्या पानांचा वाख काढून दोर वळतात, ती घायपात हिचीच बहीण. तीही मूळची अमेरिका खंडातलीच. अगेव्हच्या दोनशेच्या आसपास जाती आहेत, पण टकिलासाठी कायद्यानं चालते ती एकच: वेबर या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाच्या नावानं ओळखली जाणारी निळी जात.

तिची लागवड बियांपासून होत नाही. मोठ्या रोपाच्या मुळांशी फुटणारी पिल्लं काढून ती नव्या शेतात लावतात. मग वाट पाहायची. पीक तयार व्हायला साधारण सहा ते आठ वर्षं लागतात. या काळात तण काढणं, कीड पाहणं आणि मधोमध फुलाचा दांडा वर येऊ लागला की तो छाटणं ही कामं चालू राहतात. अगेव्ह आयुष्यात एकदाच फुलते आणि फुलली की मरते. वर्षानुवर्षं साठवलेली साखर ती त्या एका दांड्यावर उधळते; ती गाभ्यातच राहावी म्हणून दांडा छाटायचा.

कापणी करतो तो हिमादोर. त्याच्या हातात कोआ असते: लांब लाकडी दांड्याच्या टोकाला गोल, चपटं, धारदार पातं. यंत्रं इथं फारशी चालत नाहीत, कारण एकाच शेतातली रोपं एकाच वेळी पिकत नाहीत. कोणतं तयार आहे, कोणतं अजून वर्षभर ठेवायचं, हे हिमादोर पानांचा रंग आणि गाभ्याचा फुगवटा पाहून ठरवतो. मग रोप मुळापासून तोडायचं आणि भोवतालची काटेरी पानं एकेक करून छाटायची. उरतो तो खवल्यांची नक्षी असलेला पांढरा गाभा, म्हणजे पिन्या. त्याचं वजन तीस-चाळीस किलोंपासून त्याच्या दुपटीपर्यंत जातं. हे काम बहुधा बापाकडून मुलाकडे आलेलं असतं. पात्याचा एक घाव चुकला तर पाय जायबंदी होऊ शकतो. शंभर टक्के अगेव्हच्या एक लिटर टकिलासाठी साधारण सात किलो पिन्या लागतात. सहलीत सगळ्यात नीट पाहायचं ते हे काम.

भट्टीपाशी

कारखान्यात शिरताच पहिल्यांदा भेटतो तो वास: भाजलेल्या अगेव्हचा गोड, काकवीच्या जवळ जाणारा. गाभ्यातली साखर फ्रुक्टान या लांब साखळ्यांच्या रूपात असते. यीस्टला ती तशी पचत नाही. उष्णतेनं साखळ्या तुटल्या की फ्रुक्टोज मोकळी होते. जुन्या पद्धतीत दगडा-विटांच्या बंद भट्टीत पिन्या वाफेवर दीड-दोन दिवस भाजतात आणि पुढे तितक्याच सबुरीनं निवू देतात. पोलादी ऑटोक्लेव्हमध्ये हे काम काही तासांत होतं. काही मोठे कारखाने डिफ्यूझर वापरतात. त्यात अगेव्ह न भाजताच पाण्याच्या माऱ्यानं साखर काढून घेतात. उतारा वाढतो, पण भाजण्यातून येणारी चव हरवते, अशी जाणकारांची तक्रार असते.

भाजलेला तुकडा सहलीत हातावर ठेवतात. तो चावून चघळायचा, गोडवा संपला की चोथा टाकायचा. पुढे रस काढणं. पूर्वी ताओना हे ज्वालामुखीच्या दगडाचं प्रचंड चाक खेचर गोल फिरवायचं. आज बहुतेक ठिकाणी चरक आहेत, तरी काही कारखान्यांनी ताओना मुद्दाम चालू ठेवली आहे. रस टाक्यांत काही दिवस आंबतो, मग दोनदा ऊर्ध्वपातन होतं. पहिल्या धारेला ‘ओर्दिनारियो’ म्हणतात, दुसऱ्या धारेतून टकिला उतरते. गोव्यातल्या काजूच्या भाटीवर ज्यांनी पहिल्या धारेचा उर्राक आणि त्यापुढची फेणी पाहिली आहे, त्यांना ही रीत ओळखीची वाटेल.

हे साम्य कदाचित नुसता योगायोग नसेल. मेक्सिकोत अगेव्हचा आंबवलेला रस, म्हणजे पुल्के, स्पॅनिश लोक येण्याच्या कितीतरी आधीपासून प्यायला जात होता; मायावेल ही त्या वनस्पतीची देवता. ऊर्ध्वपातन रुजवण्याचं श्रेय बहुधा स्पॅनिशांना दिलं जातं. पण मनिलाहून येणाऱ्या जहाजांबरोबर फिलिपिनो लोक पश्चिम किनाऱ्यावर आले आणि माडाच्या माडीपासून दारू गाळायची साधी भट्टी त्यांनी सोबत आणली, तीच अगेव्हसाठी वापरली गेली, असं अनेक अभ्यासक मानतात. म्हणजे या पेयात आशियातल्या नारळ-किनाऱ्याचाही वाटा असू शकतो.

गावात

टकिला गावातल्या बऱ्याच वास्तूंवर दोन घराण्यांची छाप आहे. होसे आंतोनियो दे क्वेर्वो यांना १७५८ मध्ये इथं जमीन मिळाली. १७८५ मध्ये स्पेनच्या राजानं वसाहतीतल्या दारूवर बंदी घातली, कारण स्पेनहून येणाऱ्या मद्याचा खप टिकायला हवा होता. बंदी सैलावली आणि १७९५ मध्ये क्वेर्वो कुटुंबाला अधिकृत परवाना मिळाला. त्यांचा ‘ला रोहेन्या’ कारखाना गावाच्या मध्यवस्तीत आजही चालू आहे. सेनोबियो साउसा यांनी १८७३ मध्ये आपला कारखाना सुरू केला. टकिला उत्तरेला अमेरिकेत नेणाऱ्या पहिल्या लोकांत त्यांचं नाव घेतलं जातं. चौक, सांतियागोचं दगडी चर्च आणि टकिला संग्रहालय, हे सगळं पायी पाहून होतं. ‘ला कापिया’ हा छोटा बारही इथलाच. टकिला, लिंबू आणि कोला सुरीनं ढवळून केलेलं बातांगा हे पेय त्यानं जगाला दिलं.

चाखण्याची वेळ आली की मीठ-लिंबू बाजूला ठेवावं. हालिस्कोत चांगली टकिला घोट घोट पितात. सोबतीला बहुधा सांग्रिता असते, संत्रं-लिंबाचा रस आणि मिरचीचं तिखट-आंबट सरबत. ब्लांको टकिला न मुरवलेली. तिच्यात अगेव्हची चव सर्वांत स्पष्ट लागते, म्हणून सुरुवात तिच्यापासून करावी. ओकच्या लाकडात किमान दोन महिने राहिली की रेपोसादो, लहान पिंपांत किमान एक वर्ष राहिली की आन्येहो, तीन वर्षं झाली की एक्स्ट्रा आन्येहो. दोन-तीन प्रकार थोडे थोडे चाखले तरी फरक कळतो. त्याहून अधिक प्यायलात तर जे शिकायला आलात तेच धूसर होतं. आणि बाटलीतली ती प्रसिद्ध अळी? ती मेझकाल या अगेव्हच्याच दुसऱ्या मद्याच्या काही बाटल्यांत असते, टकिलाच्या नाही.

बाटली विकत घ्यायची असेल तर लेबल वाचा. ‘शंभर टक्के अगेव्ह’ असं लिहिलेलं नसेल, तर कायद्यानं निम्म्याहून थोडी कमी, म्हणजे ४९ टक्क्यांपर्यंत साखर उसासारख्या दुसऱ्या पिकाची असू शकते. नॉम या अक्षरांपुढचा चार आकडी क्रमांक कारखाना सांगतो. एकाच क्रमांकाच्या आधारानं किती वेगवेगळे ब्रँड उभे आहेत, हे त्यावरून कळतं.

नावाचं संरक्षण, शेतकऱ्याचं काय?

१९७४ मध्ये मेक्सिकोनं टकिलाच्या नावाला कायद्याचं संरक्षण दिलं. संपूर्ण हालिस्को आणि आणखी चार राज्यांतले काही तालुके, एवढ्याच प्रदेशातल्या पेयाला हे नाव लावता येतं. १९९४ पासून एक नियामक परिषद शेतापासून बाटलीपर्यंत तपासणी करते. भारतातही टकिलाला भौगोलिक मानांकन आहे. म्हणून दख्खनच्या पठारावर वाढलेल्या अगेव्हपासून आपल्या देशात मद्य बनतं, पण त्याला टकिला म्हणता येत नाही.

नाव असं सुरक्षित आहे. पण पीक आणि शेतकरी तितके सुरक्षित नाहीत, आणि सहलीत हे क्वचितच सांगितलं जातं. पिल्लांपासूनच लागवड होत आल्यामुळे शेतातली बहुतेक रोपं जनुकीयदृष्ट्या जवळजवळ एकसारखी आहेत. नव्वदच्या दशकाअखेरीस रोग पसरला तेव्हा त्याला अडवायला विविधताच नव्हती. टंचाई झाली, भाव कडाडले. तेव्हापासून भावाचं चक्र आपल्या कांद्यासारखं फिरतं, फक्त एक फेरा सात वर्षांचा. २०१८ नंतर किलोला तीस पेसोंच्या आसपास भाव गेला. उत्पादन २०२२ मध्ये सुमारे ६५ कोटी लिटरवर पोहोचलं. भाव पाहून ज्यानं त्यानं अगेव्ह लावली, जंगलं आणि मक्याची रानं मोडून लावली. ती पिकून बाजारात आली तेव्हा भाव एक आकडी झाला होता. बाटलीची किंमत मात्र दुकानात तशी खाली आली नाही. कारखान्यांमागे उरणाऱ्या आम्लयुक्त सांडपाण्याचा प्रश्न वेगळाच. साखर पट्ट्यात स्पेंट वॉशनं काळे पडलेले ओढे ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना तो उलगडून सांगायला नको.

तरी आशेचं काम चालू आहे. अगेव्हच्या फुलांचं परागीभवन लांब नाकाची वटवाघळं करतात. दांडे छाटले गेले की त्यांचा आहार जातो आणि पिकाची बियांवाटे येणारी विविधताही जाते. मेक्सिकोतले वटवाघूळतज्ज्ञ रोद्रिगो मेदेयिन यांनी काही उत्पादकांना पाच टक्के रोपं फुलू द्यायला राजी केलं. २०१६ पासून अशा बाटल्यांवर वटवाघूळस्नेही असं चिन्ह आलं. शेकडा पाच रोपांच्या साखरेवर पाणी सोडायला शेतकरी तयार झाला, ही माझ्या मते या उद्योगातली अलीकडची सर्वांत चांगली बातमी आहे.

म्हणून सहल निवडताना तीन गोष्टी विचाराव्यात. शेतात नेणार का? भाजणं आणि गाळणं प्रत्यक्ष चालू असताना दाखवणार का? आणि अगेव्ह कुणाकडून, कोणत्या भावानं घेतली, हे सांगणार का? ज्या छोट्या कारखान्यांकडे या तिन्हींची उत्तरं असतात, तिथं खर्च केलेला पैसा शेताजवळ राहण्याची शक्यता जास्त.

हेच प्रश्न आपल्या घराजवळही लागू पडतात. काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, २०१६ मध्ये गोवा सरकारनं तिला वारसा पेयाचा दर्जा दिला. नाव मिळालं, आता काजूच्या बागा राखणारा, बोंडं वेचणारा आणि भाटीपाशी रात्र काढणारा माणूस टिकायला हवा. टकिलाच्या अर्ध्या शतकाच्या अनुभवातून गोव्यानं घ्यायचा धडा हाच आहे: कायदा नकली माल अडवू शकतो, पण कष्टकऱ्याचा वाटा आपोआप ठरवून देत नाही. तो वाटा ग्राहकाच्या चौकशीनं आणि उत्पादकाच्या प्रामाणिकपणानं ठरतो. हालिस्कोला जाणं प्रत्येकाला जमेलच असं नाही. पण मार्च-एप्रिलमध्ये, काजूचा हंगाम ऐन भरात असताना, सत्तरी किंवा पेडण्याकडच्या एखाद्या भाटीवर जाऊन हे प्रश्न विचारणं आपल्यापैकी कुणालाही जमेल.