मायसीटोफॅजिडी : एका नावाची फोड

पावसाळ्यात कात्रजच्या घाटात कुजक्या लाकडावर बुरशी आणि अळंबी वाढलेली तुम्ही पाहिली असेल. अशा बुरशीवर जगणाऱ्या भुंगेऱ्यांच्या एका कुलाचे नाव आहे मायसीटोफॅजिडी. नाव अवघड वाटते ना? मग फोडून पाहा. ग्रीक भाषेत ‘मायकीस’ म्हणजे अळंबी, ‘फॅगीन’ म्हणजे खाणे. शेवटचे ‘इडी’ कुल दाखवते. जसे पांडूचे ते पांडव. ‘स्ट्रेप्टोमायसिन’ या औषधाच्या नावातही हाच ‘मायकीस’ आहे.

मात्र बुरशी खाणारा प्रत्येक भुंगेरा या कुलातला नव्हे. एरोटायलिडी या वेगळ्या कुलातले भुंगेरेही बुरशी खातात. नाव आहारावरून पडले, तरी कुल ठरते ते शरीररचनेवरून.

मायसीटोफॅजिडी कुलातला टायफिया स्टर्कोरिया हा सुमारे ३ मि.मी. लांबीचा केसाळ भुंगेरा साठवणीच्या धान्यात आढळतो. तो मुख्यतः दाण्यांवरची बुरशी खातो. म्हणून तो दिसला की समजावे, धान्याला ओल लागली आहे. अशा वेळी नुसते चाळून भागत नाही. काही बुरशी विषारी द्रव्ये तयार करतात; बुरसटलेले धान्य खाऊ नये. नवे धान्य मात्र कडकडीत वाळवूनच कणगीत भरावे. नावाचा अर्थ कळला, की उपायही सुचतो तो असा!